अंगावरचं मांस

काल रात्री 'स्पार्टाकस'चा, म्हणजे प्राचीन रोममधल्या ग्लॅडिएटरांवरच्या (आखाड्यात लढणाऱ्या योद्ध्यांवरच्या) मालिकेचा, पहिला सीझन पुन्हा लावला. थोड्या वेळाने लक्षात आलं, मी उशी पोटावर ओढून बसलोय. मुक्ता शेजारीच होती. काही बोलली नाही. बोलली असती तर बरं झालं असतं.

त्या मालिकेत कुठल्याच ग्लॅडिएटरच्या अंगावर चरबी नाही. छाती गुळगुळीत, तेलाने चकाकणारी, पोटावरचा स्नायू न् स्नायू मोजून घ्यावा. त्यांचा मालक बटायटस, त्याच्या घरी मेजवानी असली की पाहुण्यांपुढे त्यांना उभं करतात आणि पाहुणे बाजारात बैल बघावा तसे त्यांना न्याहाळतात. कॅमेराही तेच करतो. मीही. आणि तरी लाज मलाच का वाटते? आरशासमोर श्वास आत ओढून उभं राहायची सवय कधी लागली, आठवत नाही. दादाचं ते लग्नातलं बोलणं... जाऊ दे.

खरे ग्लॅडिएटर असे नव्हतेच, हे मला माहीत आहे. तुर्कस्तानात एफेससला 1993 मध्ये त्यांची दफनभूमी सापडली. व्हिएन्नाच्या संशोधकांनी तिथली हाडं तपासली, 2014 मध्ये निष्कर्ष छापले: जेवण मुख्यतः धान्य आणि कडधान्यांचं, वर राखेचं पाणी, हाडांसाठी. लोक त्यांना जवखाऊच म्हणत. इ.स. 157 पासून पर्गामॉनला त्यांच्यावर उपचार करणाऱ्या गेलेन या वैद्याने तर लिहून ठेवलंय की या खाण्याने त्यांचं मांस घट्ट न होता सैल होतं. त्या चरबीमुळे वार वरवर बसत असावा, आतल्या नसा वाचत असाव्यात, असंही एका संशोधकाचं म्हणणं आहे. म्हणजे ज्याने जीव वाचत असेल, तेच पडद्यावरून खरवडून काढलंय. आमच्या डोळ्यांना बरं दिसावं म्हणून.

हे सगळं ठाऊक असूनही उशी पोटावर आलीच. माहितीने लाज जात नाही.

मग पहिल्या सीझनमध्ये स्पार्टाकस झालेला अँडी व्हिटफील्ड आठवला. त्या सीझननंतर त्याला लिम्फोमा, एक प्रकारचा कर्करोग, निघाला. 2011 च्या सप्टेंबरमध्ये गेला, 39 वर्षांचा. ज्या अंगाचा मी काल हेवा करत होतो, ते त्याला चाळिशीपर्यंतही पुरलं नाही. माझं हे अंग जिने चढतं, रात्री झोपतं, सकाळी उठतं. फार काही मागत नाही.

मुक्ताला विचारणार आहे, काल गप्प का होतीस. कदाचित तिला नुसती झोप आली असेल.