ईएफएल ट्रॉफी २०१९-२०: शीटची प्रगती, १२४ सामने आणि वर्षभर लांबलेला अंतिम सामना

लीग वन आणि लीग टू, म्हणजे इंग्लिश फुटबॉलच्या तिसऱ्या-चौथ्या पायरीवरच्या क्लबांचा हा चषक. याच्या सगळ्या हंगामांची एकत्र एक्सेल शीट करायची असेल तर सुरुवात २०१९-२० पासून करावी. सरळ पार पडलेला हंगाम घेऊन साचा बनवला की तो छान चालतो आणि या हंगामाला येऊन मोडतो. २०१९-२० ला पुरून उरणारा साचा बाकी हंगामांना आपोआप पुरतो.

सध्या साखळी आणि बाद फेरीचे टॅब तयार आहेत आणि बेरजांच्या तपासण्या लागल्या आहेत. प्रेक्षकसंख्या आणि गोल करणारे हे दोन टॅब अजून अर्धे आहेत.

आधी सामने मोजा, मग टाका

नेहमीचा हिशोब ६४ संघांचा: ४८ क्लब आणि मोठ्या क्लबांचे १६ निमंत्रित अकादमी (युवा) संघ (ही प्रथा २०१६-१७ पासूनची). चार-चार संघांचे १६ गट, प्रत्येक गटात एकच फेरी, म्हणजे ६ सामने. साखळीत ९६ आणि पुढे ३२ संघांच्या बाद फेरीत ३१ धरून एकूण १२७.

या हंगामात तो जुळत नाही. २७ ऑगस्ट २०१९ ला बरी क्लबला लीगमधून काढून टाकलं आणि जागा भरली नाही. संघ उरले ६३, एक गट तिघांचा झाला, तिथे सहाऐवजी तीनच सामने. म्हणून साखळी ९३, एकूण १२४. सामन्यांना क्रमांक आधीच देऊन ठेवा: १ ते ९३ साखळी, ९४ ते १०९ दुसरी फेरी, ११० ते ११७ तिसरी, ११८ ते १२१ उपांत्यपूर्व, १२२ आणि १२३ उपांत्य, १२४ अंतिम. साखळीलाच पहिली फेरी धरतात, त्यामुळे बाद फेरी ‘दुसरी’पासून सुरू होते. हे न कळल्यामुळे एक फेरी गहाळ झाली असं वाटून लोक शोधत बसतात.

गुणांचा कॉलम

नेहमीच्या लीगचा विजय-बरोबरी-पराभव असा तीन कॉलमांचा तक्ता इथे निरुपयोगी. साखळीत ९० मिनिटांनंतर बरोबरी असली तर लगेच पेनल्टी शूटआउट होतं. बरोबरीचा एक गुण दोघांना मिळतो आणि शूटआउट जिंकणाऱ्याला वर आणखी एक. म्हणून चार कॉलम लागतात: विजय ३, शूटआउट-विजय २, शूटआउट-पराभव १, पराभव ०. ‘बरोबरी’ असा एकच कॉलम ठेवला तर तीन सामने बरोबरीत सोडवणाऱ्या संघाचे गुण ३ ते ६ पैकी नेमके किती हे शीटला कळायचा मार्गच उरत नाही.

या पद्धतीची एक बाजू मात्र आपल्या फायद्याची. सामना कसाही संपो, दोघांचे गुण मिळून तीनच होतात, एकतर ३+० किंवा २+१. त्यामुळे चौघांच्या गटाची गुणांची बेरीज नेहमी १८ आणि तिघांच्या गटाची ९. गटाखाली एक ‘सम’ (बेरजेचा फॉर्म्युला) लावा आणि १८ नसेल, किंवा तिघांच्या गटात ९ नसेल, तर सेल लाल होईल असं फॉरमॅटिंग द्या. नेहमीच्या लीगमध्ये बरोबऱ्यांप्रमाणे बेरीज बदलते, तिथे ही सोय नाही. शूटआउटचा विजेता उलटा टाकला गेला तर मात्र ही तपासणी गप्प राहते, कारण २+१ आणि १+२ सारखेच. तेवढे सामने डोळ्यांनी पुन्हा बघायचे.

शूटआउटमधले गोल गोलफरकात धरायचे नाहीत. त्यांचे कॉलम वेगळे ठेवा आणि गोलफरकाच्या फॉर्म्युल्याला त्यांचा वाराही लागू देऊ नका.

स्कोअर एका सेलमध्ये नको

३-२ असं टाइप केलं की एक्सेल त्याची ३ फेब्रुवारी करतो. ०-० ची तारीख होऊ शकत नाही, म्हणून तो मजकूर म्हणून तसाच राहतो. एकाच कॉलमात अर्ध्या तारखा, अर्धा मजकूर, आणि फाइल दुसऱ्या भाषेच्या सेटिंगवर उघडली तर दिवस-महिन्याची आणखी अदलाबदल. यजमानांचे गोल आणि पाहुण्यांचे गोल असे दोन कॉलम करा, प्रश्न मिटला. हिशोबाच्या टॅबमध्ये आकडे इंग्रजीच ठेवलेले बरे. देवनागरी आकडे फॉर्म्युल्यात धरले जातीलच याचा भरवसा नाही. देवनागरी हवेत ते छापायच्या टॅबमध्ये.

क्लबांच्या नावांचं दुखणं याहून वाईट. अॅक्रिंग्टनचा ‘ॲ’ दोन प्रकारे टाइप होतो: एक अखंड अक्षर म्हणून आणि दुसरा ‘अ’ वर चंद्र देऊन. पडद्यावर दोन्ही एकसारखे दिसतात, फॉर्म्युल्याला मात्र दोन वेगळे क्लब दिसतात. मग ‘काउंटइफ’ हा मोजणीचा फॉर्म्युला तीनऐवजी दोन सामने मोजतो आणि चूक काही केल्या सापडत नाही. त्यात सॅल्फर्ड, साल्फर्ड, सॉल्फर्ड ही शुद्धलेखनाची जत्रा वेगळीच. उपाय एकच: क्लबांचा वेगळा टॅब, ६३ नावं एकदाच लिहिलेली, आणि बाकी सगळीकडे त्यातूनच निवडायची ड्रॉपडाउन यादी. हाताने नाव टाइप करायची सोयच ठेवू नका. अकादमी संघाला स्वतंत्र ओळ द्या आणि शेजारी ‘क्लब / अकादमी’ असा प्रकार लिहा.

बाद फेरीचं झाड उलटं बांधा

भिंतीवर लावतात तसा ३२ संघांचा छापील आराखडा इथे चालत नाही. वाट आधी ठरलेली नसते, पुढच्या फेऱ्यांचा ड्रॉ वेगळा निघतो. दुसरी आणि तिसरी फेरी उत्तर-दक्षिण अशी विभागून होते, उपांत्यपूर्वपासून विभाग मोडतो. म्हणून प्रत्येक सामन्याच्या ओळीत दोन कॉलम वाढवायचे: यजमान कुठल्या क्रमांकाचा सामना जिंकून आला आणि पाहुणा कुठल्या. मग १२४ पासून सुरू करून मागे मागे जात झाड काढायचं. तपासणीही सोपी आहे: बाद फेरीत ३१ पराभूत नावं, प्रत्येक एकदाच. एखादं नाव दोनदा आलं तर विजेता चुकलाय.

विजेता गोलांवरून काढणारा ‘इफ’ फॉर्म्युला बहुतेक ठिकाणी चालतो, आणि या हंगामात नेमका शेवटी तोंडघशी पडतो. एका उपांत्य सामन्यात पोर्ट्समथने एक्झिटरला ३-२ हरवलं, तिथे अडचण नाही. दुसऱ्यात न्यूपोर्ट काउंटी विरुद्ध सॅल्फर्ड सिटी ०-०, शूटआउटमध्ये सॅल्फर्ड ६-५. अंतिम सामना पुन्हा ०-०, शूटआउटमध्ये सॅल्फर्डने पोर्ट्समथला ४-२ हरवलं. म्हणजे चषक जिंकणाऱ्या संघाच्या शेवटच्या दोन्ही सामन्यांत फॉर्म्युला विजेत्याची जागा रिकामी सोडतो. आधी गोल, ते समान असतील तर शूटआउट, आणि तरीही समान असतील तर ‘तपासा’ असा शब्द, अशी तीन पायऱ्यांची अट घाला.

जादा वेळेचा कॉलम ठेवा, जवळजवळ पूर्ण रिकामा राहील तरीही. आधीच्या फेऱ्या ९० मिनिटांनंतर थेट शूटआउटला जातात, पण २०१९ च्या (म्हणजे आधीच्या २०१८-१९ हंगामाच्या) अंतिम सामन्यात पोर्ट्समथ आणि संडरलंड जादा वेळेनंतर २-२ होते आणि शूटआउट ५-४ असं पोर्ट्समथने जिंकलं. साचा एकच वापरायचा तर तो सामनाही त्यात बसला पाहिजे.

हंगाम तारखेवरून काढू नका

हा या शीटचा खरा सापळा. अंतिम सामना ५ एप्रिल २०२० ला ठरला होता. कोविडमुळे तो पुढे गेला आणि वेम्बलीवर प्रेक्षकांविना १३ मार्च २०२१ ला झाला. दुसऱ्याच दिवशी, १४ मार्चला, त्याच मैदानात २०२०-२१ चा अंतिम सामना: संडरलंड १, ट्रॅनमिअर ०. ‘जुलैनंतरची तारीख म्हणजे नवा हंगाम’ असा फॉर्म्युला असेल तर २०१९-२० ला विजेताच नाही आणि २०२०-२१ ला दोन. हंगाम हाताने लिहा, तारीख वेगळी.

हंगामाला चिकटवलेली बाकीची माहितीही इथे सुटते. प्रायोजक हंगामाच्या टॅबमध्ये ठेवला असेल तर तो सामन्याच्या ओळीत हलवा, कारण हंगाम लीजिंग डॉट कॉमच्या नावाने खेळला गेला आणि अंतिम सामना पापा जॉन्सच्या. प्रशिक्षकाचंही तेच: उपांत्य फेरीपर्यंत सॅल्फर्डकडे ग्रॅहम अलेक्झांडर, अंतिम सामन्याला रिची वेलेन्स. पोर्ट्समथचे केनी जॅकेट दोन्हीकडे होते, आणि सामन्याच्या दुसऱ्या दिवशी त्यांना काढलं. खेळाडूंच्या टॅबमध्ये क्लब हा खेळाडूचा गुण न धरता सामन्यातल्या नोंदीचा भाग धरा. एका हंगामाचा अंतिम सामना पुढच्या हंगामातल्या संघाने खेळला, हे त्याशिवाय नीट मांडता येत नाही.

अर्धवट राहिलेले टॅब

प्रेक्षकसंख्येत ० आणि रिकामा सेल यांचा अर्थ वेगळा ठेवायचा: ० म्हणजे बंद दाराआड झालेला सामना, रिकामा म्हणजे आकडा मिळाला नाही. सरासरी काढताना दोन्ही वगळा. सगळे हंगाम एकत्र केल्यावर तर सरासरीच्या नादी लागूच नका, मध्यक घ्या. २०१९ च्या अंतिम सामन्याला ८५,०२१ प्रेक्षक होते, १९८८ च्या वुल्व्हज-बर्नली अंतिम सामन्याच्या ८०,८४१ चा उच्चांक त्याने मोडला. साखळीतल्या मंगळवार रात्रीच्या तुरळक गर्दीत असा एक आकडा मिसळला की सरासरी कुणाचीच उरत नाही.

गोल करणाऱ्यांच्या टॅबमध्ये शूटआउटचे गोल येता कामा नयेत. खेळलेली मिनिटं हा कॉलमही आत्ताच घालून ठेवा. २०१६-१७ मध्ये सुरुवातीच्या अकरात ठरावीक संख्येने पहिल्या फळीचे खेळाडू हवेत असा नियम होता. तो पाळल्याचं दाखवायला ब्रॅडफर्डने बरीविरुद्ध गोलरक्षक कॉलिन डॉइलला उतरवलं आणि तिसऱ्या मिनिटाला बाहेर घेतलं. नुसते ‘सामने’ मोजले तर ती तीन मिनिटं पूर्ण सामन्याइतकीच भरतात.

पुढचा हंगाम २०२०-२१ घ्यायचा आहे. क्लबांच्या टॅबमध्ये संघ पुन्हा ६४ करून साखळीचे क्रमांक १ ते ९६ असे नव्याने लावायचे, म्हणजे अंतिम सामना १२७ वर जाईल. झाडाचे मागचे दुवे जुन्या क्रमांकांना चिकटलेले असतील, ते आधी पुसा.