मोरायच्या वाटेवर न लागलेलं झाकण

चिंचेरो, मोराय आणि मारासची मिठागरं ही पेरूमधल्या कुस्कोतली अर्ध्या दिवसाची सहल. मी ज्यांचे ग्रुप नेते, त्या सहल कंपनीच्या कार्यक्रमपत्रिकेत तिच्यापुढे 'आरामदायी' असं छापलेलं असतं. सकाळी साडेआठला निघायचं आणि अडीच-तीनपर्यंत परत यायचं. चालणं थोडं, फोटो भरपूर. छापणाऱ्याने त्या रस्त्यावरच्या उंचीचे आकडे पाहिलेले नसतात.

कुस्को ३,४०० मीटरवर आहे. शहराबाहेर पडलं की गाडी खाली न उतरता वर चढते. पहिला थांबा चिंचेरो, ३,७६० मीटर. तिथून मोराय ३,५०० मीटरवर, मग त्याहून खाली मारास गाव आणि गावाच्या खालच्या घळीत मिठागरं. म्हणजे दिवसातलं सर्वात उंच ठिकाण सर्वात आधी येतं, तेही माणसं विमानातून उतरून जेमतेम २४ तास झालेले असताना. लिमा समुद्राकाठी आहे. तिथून कुस्कोला यायला विमानाला सव्वा तास लागतो, शरीराला मात्र तीन-चार दिवस. विमानतळावरून ग्रुपला थेट खाली उरुबाम्बाच्या खोऱ्यात, २,८७० मीटरवर, न्यावं, दोन रात्री तिथे काढाव्यात आणि कुस्को शेवटी करावं, हे मी आमच्या ऑफिसला तीन वेळा लिहून दिलं होतं. कुस्कोतली हॉटेलं आधीच बुक असतात, एवढंच उत्तर येतं.

मे महिन्याचा, सुट्टीतला ग्रुप होता. १८ जण, त्यात साठीच्या पुढचे ११. सकाळी नाश्त्याला प्रत्येकाच्या बोटाला ऑक्सिमीटर, म्हणजे रक्तातला ऑक्सिजन टक्क्यांत दाखवणारं यंत्र, लावायची माझी पद्धत आहे. कुस्कोत पहिल्या-दुसऱ्या दिवशी ८५ ते ९० दिसलं तर घाबरायचं कारण नसतं. उरणच्या एका काकांचा आकडा ८१ आला. त्यांची बोटं गार होती आणि गार बोटावर यंत्र कमी दाखवतं, म्हणून हात चोळून पुन्हा लावलं. ८३. विचारलं, "काका, बरं वाटतंय ना? डोकं?" ते म्हणाले, "छे गं, झोप नीट झाली नाही, एवढंच." काकू काही बोलल्या नाहीत. त्यांच्या ताटलीत पोळीचा रोल होता, काकांच्या ताटलीत काहीच नव्हतं. ते मी पाहिलं आणि पुढच्या टेबलाकडे वळले.

काकांना हा दिवस चुकवायचा नव्हता. त्यांच्या वडिलांनी उरणच्या मिठागरात आयुष्य काढलं होतं. माचू पिच्चू बाकीच्यांसाठी, मी डोंगरातलं मीठ बघायला आलोय, असं त्यांनी मुंबईच्या विमानतळावरच सांगितलं होतं. या सहलीसाठी माणूस वर्षभर पैसे साठवतो. डोकं दुखतंय म्हणालो तर खोलीत बसवतील, ही भीती त्याला डोकेदुखीहून मोठी वाटते. आपली माणसं दुखणं लपवतात आणि त्याला सहनशक्ती म्हणतात. समुद्रसपाटीवर ते खपून जातं.

चिंचेरोत विणकामाचं प्रात्यक्षिक असतं. निवडुंगाच्या पानावरची पांढरी बुरशीसारखी दिसणारी कोचिनील कीड तळहातावर चिरडली की रक्तासारखा लाल रंग निघतो आणि त्यात लिंबू पिळलं की तो केशरी होतो. सगळी मंडळी पुढे सरकली. काका मागच्या बाकावर भिंतीला टेकून बसले होते. कोकाच्या पानांचा चहा घेतला, पण अर्धा ठेवला. कोकाच्या चहाने तरतरी येते. विरळ हवेची सवय व्हायला शरीराला लागणारा वेळ काही त्याने कमी होत नाही.

मोराय म्हणजे जमिनीतले वाडग्यासारखे मोठे खळगे, ज्यांच्या उतारांवर इंकांनी, म्हणजे स्पॅनिश येण्याआधीच्या इथल्या राज्यकर्त्यांनी, वर्तुळाकार पायऱ्यांची शेतं बांधली. तिकीट दाखवून आत गेलं की पायवाट कडेने खाली उतरते. पूर्वी थेट तळाशी जाता यायचं. २०१० च्या पावसात मोठ्या वर्तुळाच्या पूर्वेकडच्या भिंती ढासळल्या आणि आता वरच्या आखलेल्या वाटेनेच फिरावं लागतं. भिंती का ढासळल्या, हे मला नेहमी थांबून सांगावंसं वाटतं, कारण मोरायचं सगळं मर्म पाण्यात आहे. हे खळगे इंकांनी खणलेले नाहीत. इथली जमीन चुनखडीची आणि जिप्समची, पाण्यात विरघळणारी. पोटातला दगड विरघळत गेला, वरची जमीन खचली आणि वाडग्यासारखे खड्डे तयार झाले. इंकांनी त्यांच्या उतारांना एकाखाली एक वर्तुळाकार भिंती घातल्या. मोठ्या खळग्याची खोली सुमारे ३० मीटर. चांगल्या बांधणीच्या इंका पायरीत मागे मोठे दगड, त्यावर खडी आणि सर्वात वर माती असते, म्हणजे पाणी झिरपून निघून जातं आणि भिंतीवर दाब येत नाही. २०१० साली त्या बाजूची जमीन इतकी भिजली की निचरा पुरा पडला नाही. कोकणातला गडगा पावसात पोट काढतो आणि मग बसतो, तसंच.

वरच्या पायरीवरून खालच्या पायरीवर उतरायला भिंतीतून बाहेर आलेले लांब दगड आहेत. आपल्याकडच्या जुन्या विहिरींना असतात अगदी तसेच, एकाखाली एक, तिरके. केचुआ या इथल्या भाषेत त्यांना 'सारुना' म्हणतात. ते दाखवले की मराठी माणसाला लगेच आजोळची विहीर आठवते. वर्तुळाच्या वरच्या आणि तळाच्या पायरीच्या तापमानात १५ अंशांपर्यंत फरक पडतो आणि इथे इंका पिकांवर प्रयोग करायचे, असं गाइड ठासून सांगतात. इंकांना लिपी नव्हती, त्यांनी तसं लिहून ठेवलेलं नाही. तो अभ्यासकांचा तर्क आहे, चांगला तर्क आहे, आणि तर्क म्हणूनच सांगायला हवा. १९३१ साली शिपी-जॉन्सन मोहिमेने विमानातून फोटो काढले, तेव्हा बाहेरच्या जगाला हा आकार दिसला. जमिनीवरून खरंच तो कडेला जाईपर्यंत दिसत नाही.

मोरायची अडचण अशी की उतार आधी येतो. जाताना सगळे हसत जातात. चढ लागतो तो परत येताना, ३,५०० मीटरवर, अकराच्या उन्हात. दर दहा पावलांवर थांबणारा माणूस आजारी नसतो, तिथे सगळेच थांबतात. काकाही थांबत होते. मी त्यांच्या मागून चालत होते. वरच्या सपाट जागी पोचल्यावर त्यांनी पाणी प्यायलं आणि बाटलीचं झाकण लावायला घेतलं. झाकण बाटलीच्या तोंडावर तिरकं बसत होतं. त्यांनी ते काढलं, पुन्हा ठेवलं, पुन्हा तिरकं. तिसऱ्यांदा झाकण बाटलीच्या बाजूला, हवेत फिरवलं. त्यांच्या चेहऱ्यावर त्रासाचं काही चिन्ह नव्हतं, आणि तेवढ्यानेच माझ्या पोटात खड्डा पडला. दमलेल्या माणसाला झाकण लागत नाही तेव्हा तो वैतागतो.

गाडीतळाच्या कडेला दगडांची सरळ ओळ होती. तिच्यालगत एका पावलाच्या चवड्याला दुसऱ्या पावलाची टाच टेकवत चालायला सांगितलं. ही चाचणी कोणीही घेऊ शकतं: दहा पावलं, डोळे उघडे, आधार नाही. तिसऱ्या पावलाला ते डावीकडे कलले आणि मी दंड धरला. ऑक्सिमीटर ७४. डोकेदुखी, मळमळ आणि भूक नसणं म्हणजे सोरोचे, उंचीचा त्रास. विश्रांतीने तो बहुधा उतरतो. तोल जाणं आणि बोलण्या-वागण्यात गोंधळ ही मात्र मेंदूला सूज येऊ लागल्याची खूण. तिथे वाट पाहायची नसते, खाली उतरायचं असतं.

गाडीतला ऑक्सिजन सुरू केला. सिलिंडरचा काटा एक तृतीयांशावर होता. सकाळी मी सिलिंडर जागेवर आहे का, ते पाहिलं होतं. झडप उघडून काटा पाहिला नव्हता. औषधांच्या दुकानात मिळणारे स्प्रेसारखे डबे दोन होते, पण त्यातला ऑक्सिजन काही मिनिटांपुरताच.

मग कुठे जायचं यावरून फोनाफोनी झाली. स्थानिक एजंट म्हणत होता, कुस्कोला आणा, विम्याचं क्लिनिक तिथे आहे, डॉक्टर इंग्रजी बोलतात. गाइडचंही तेच म्हणणं. तो चांगला गाइड आहे, पण जन्मल्यापासून त्याच उंचीवर राहतो आणि कुस्को त्याला 'खाली' वाटतं. नकाशावर रस्ता सरळ दिसतो. प्रत्यक्षात मोरायहून कुस्कोला जायचं तर आधी चिंचेरोच्या माळावर, ३,७०० च्या वर चढायचं आणि तासाभराहून जास्त वेळाने ३,४०० वर पोचायचं. म्हणजे एवढं करून जेमतेम १०० मीटर उतरणार. दुसऱ्या बाजूला मारासवरून उरुबाम्बा आहे. वळणावळणाचा उतार, मारासपासून साधारण अर्धा तास आणि मोरायहून ६०० मीटर खाली. तिथे आरोग्य केंद्र आहे. मी उरुबाम्बा म्हटलं. विम्याचं नंतर बघू, असंही म्हटलं, आणि ते बघताना पुढे दोन महिने गेले.

गाडी मारास गावापर्यंत सगळ्यांना घेऊन आली. चौकात टॅक्सी मिळाली. ग्रुप गाइडबरोबर मिठागरांकडे जाणार, मी, काका आणि काकू टॅक्सीने उरुबाम्बाला. चौकातच ऑक्सिजनचा मास्क बाजूला करत काकांनी विचारलं, "मिठागर किती लांब?" गाडीने १०-१५ मिनिटं. रस्ता वरून येतो आणि एका वळणावर सगळी घळ एकदम दिसते. तिथे दोन मिनिटं थांबता येतं. मिठागरं मारासच्या खालीच असल्यामुळे तिकडे जाण्यात उंचीचंही काही नुकसान नव्हतं. नुकसान होतं ते वेळेचं. जाऊन-येऊन अर्धा तास आणि सिलिंडरचा काटा लाल पट्टीला टेकलेला. मी "नंतर बघू काका" म्हणाले आणि टॅक्सीचं दार लावलं.

त्यांना काय दाखवायचं राहिलं, ते सांगते. डोंगराच्या पोटातून कोमट, खारट पाण्याचा झरा येतो. जमिनीत जुन्या समुद्राच्या मिठाचे थर आहेत, त्यातून तो येतो. वीतभर रुंदीच्या चराने ते पाणी ३,००० हून जास्त वाफ्यांत फिरवतात. वाफे चार-पाच चौरस मीटरचे, मारास आणि पिचिंगोतोच्या कुटुंबांच्या मालकीचे. प्रत्येक वाफ्याच्या काठाला एक खाच असते. ती दगड-मातीने बुजवायची किंवा उघडायची, एवढंच यंत्र. पाणी भरायचं, आटू द्यायचं, पुन्हा भरायचं. महिनाभराने थर जमतो. वरचं मीठ पांढरंशुभ्र, मधलं गुलाबी, तळाचं मातकट, ते खाण्यात जात नाही. हंगाम मे ते ऑक्टोबर. पावसाळ्यात सगळी घळ तपकिरी असते, आणि तेव्हा येणाऱ्या लोकांना पांढरे फोटो दाखवून आणणं ही फसवणूक आहे. २०१९ पासून वाफ्यांमधून फिरायला बंदी आहे, कठड्यावरूनच बघायचं. ती बंदी योग्य आहे. लोक खाण्याच्या मिठात बूट आणि हात घालत होते.

उरुबाम्बात डॉक्टरांनी ऑक्सिजन आणि डेक्सामेथासोन हे सूज उतरवणारं औषध दिलं. दोन तासांत आकडा ९० वर गेला आणि चार वाजता काका ओळीवर दहा पावलं सरळ चालले. रात्री दोघांना तिथेच ठेवलं. दुसऱ्या दिवशी ग्रुप ओयान्तायताम्बोला रेल्वेसाठी उरुबाम्बावरूनच जातो, तिथे त्यांना गाठायचं ठरलं. काकू तेव्हा म्हणाल्या, "रात्री दोनदा उलटी झाली होती. सांगू नको म्हणाले." मी आता "बरं वाटतंय ना?" असं विचारतच नाही. रात्री कितीदा उठलात, नाश्त्याला काय खाल्लं, आणि हे दोन्ही प्रश्न जोडीदाराला, वेगळं गाठून. ८५ च्या खालचा माणूस मोरायला वरच्या कडेवर बसतो, उतरत नाही.

अर्धा तास थांबणं चूक ठरलं असतं, हे डॉक्टरांनीही सांगितलं. तरी 'किती लांब?' हा प्रश्न माझ्या कानातून जात नाही, कारण खरी चूक सकाळच्या त्या रिकाम्या ताटलीपाशी झाली होती. तिथे थांबले असते तर काका एक दिवस खोलीत राहिले असते आणि परतीच्या वाटेवर मिठागर बघू शकले असते.

दुसऱ्या दिवशी बसमध्ये कोणीतरी त्यांना मोबाइलवरचा व्हिडिओ दाखवला. वाफ्यात एक बाई वाकून लाकडी फळीने मीठ ओढत होती. काकांनी अंगठ्याने तो थांबवला, मोबाइल नाकाशी नेला. "हिची फळी आखूड आहे," ते म्हणाले. "आमची लांब दांड्याची, उभ्याने ओढायची. पण एवढ्याशा वाफ्यात लांब दांडा फिरणार कुठे?" मग माझ्याकडे वळले. "तळ कसा घट्ट करतात गं? आम्ही पायाने तुडवायचो." मी त्या कठड्यावर नऊ ग्रुप उभे केले होते. तळाकडे कधी पाहिलंच नव्हतं.