आठ आठवडे बाजेवर

यवतमाळ जिल्ह्यातल्या आर्णीकडच्या एका गावाहून हा रुग्ण आमच्याकडे फिजिओथेरपीला आला तेव्हा सोबतच्या चौघांची एकच मागणी होती : "मॅडम, भाऊले आज उभं करून द्या." पन्नाशीचे शेतकरी, कापसाने भरलेल्या बंडीवरून पडलेले. एक्स-रेत प्युबिक रॅमसला, म्हणजे ओटीपोटाखालच्या पुढच्या हाडाला, मोड होती. हाड सरकलेलं नव्हतं. अशा मोडीत दुखणं सोसेल तसं काही दिवसांतच वॉकर धरून चालवतात. पण इथं कुणीतरी "दोन महिने हलायचं नाही" असं सांगितलं होतं आणि घरच्यांनी ते इमानदारीनं पाळलं. जेवण, संडास, अंघोळ, सगळं बाजेवर आडव्यानंच.

हेच काम जर्मनीत कोलोनच्या प्रयोगशाळेत पैसे देऊन करवतात. निरोगी माणसांना 60 दिवस अंथरुणावर ठेवायचं, डोक्याची बाजू पायांपेक्षा 6 अंश खाली, जेवताना आणि अंघोळ करतानासुद्धा एक खांदा गादीला टेकलेला. अंतराळात महिनोन्‌महिने राहणाऱ्यांचं काय बिघडतं ते जमिनीवर तपासायची ही पद्धत. वजन न पडणारं हाड झिजतं, पिंडऱ्या आणि मांड्या वितळतात, पायांतलं रक्त छाती-डोक्याकडे सरकतं. मग पाणी जास्त झालंय असं समजून शरीर ते लघवीवाटे काढून टाकतं आणि रक्तातला द्रव 10 ते 15 टक्क्यांनी घटतो. आमच्या भाऊंवर हा प्रयोग फुकटात झाला होता, तोही झोळ पडलेल्या बाजेवर. म्हणजे खुबे आणि गुडघे कायम वाकलेले.

उभं करण्याआधी टेप काढली. गुडघ्याखालच्या हाडाच्या उंचवट्यापासून 10 सेंमी खाली दोन्ही पिंडऱ्यांचा घेर मोजायचा. उजवा 27, डावा 30.5. डाव्या नडगीवर अंगठा दाबला तर खळगा तसाच राहिला. खिळलेल्या रुग्णात 3 सेंमीपेक्षा जास्त फरक दिसला की पाय चोळायचा नाही, व्यायाम द्यायचा नाही, आधी डॉप्लर, म्हणजे शिरेतलं रक्त वाहतंय का ते दाखवणारी सोनोग्राफी. घरचे रोज तेल लावून तोच पाय चोळत होते. गुठळी सुटून फुप्फुसात गेली असती तर रस्त्यातच खेळ आटोपला असता. डॉप्लरमध्ये मांडीच्या शिरेत गुठळी निघाली.

अंतराळ स्थानकावरच्या एका अंतराळवीराच्या मानेच्या शिरेतही अशीच गुठळी सापडली होती. 2020 च्या जानेवारीत ते प्रसिद्ध झालं. मोहिमेला दोनेक महिने झाले होते, तक्रार काहीच नव्हती. दुसऱ्याच एका अभ्यासासाठी सोनोग्राफी करताना ती दिसली. वर एनॉक्सापॅरिनचा, म्हणजे रक्त गोठू न देणाऱ्या इंजेक्शनचा, साठा मोजका, म्हणून डोस बेतून दिला आणि पुढे मालवाहू यानानं त्याच कामाच्या एपिक्साबॅनच्या गोळ्या पाठवल्या. भाऊंनाही तीच दोन औषधं त्याच क्रमानं मिळाली. आर्णी काय आणि अंतराळ काय, शिरेत रक्त साचलं की उपाय तोच.

औषध लागू होऊन फिजिशियननं परवानगी दिल्यावर खरं काम सुरू झालं. आडवं असताना बीपी 118/76, नाडी 80. पाय सोडून बसवल्यावर पहिल्याच मिनिटाला 88/54, नाडी 122. "डोयापुढं अंधार येऊन रायला, मॅडम." वरचा आकडा 20 नं किंवा खालचा 10 नं पडला की थांबून परत झोपवायचं, "थोडं सहन करा" म्हणायची ही जागा नाही. रुग्णाला हळूहळू उभं करणारं टिल्ट टेबल आमच्याकडे नाही. म्हणून बाज काढून लाकडी तखत दिला आणि डोक्याकडच्या पायांखाली विटा लावल्या. 190 सेंमी लांबीला 20 सेंमी उंची म्हणजे 6 अंश. कोलोनचाच कोन, फक्त उलट बाजूनं. रात्रभर असं झोपलं की मूत्रपिंडं पाणी राखायला लागतात. दिवसा पाठ 30, 45, 60 अंश, प्रत्येक पायरीवर 10 मिनिटं. बसण्याआधी बोटांपासून मांडीपर्यंत क्रेप बँडेज, आणि आधी पावलावरची नाडी हाताला लागतेय ना, ते पाहायचं. मीठ घातलेलं ताकही सुरू केलं. परतताना अंतराळवीर सुमारे लिटरभर पाण्यासोबत 8 ग्रॅम मिठाच्या गोळ्या घेतात, म्हणजे जवळपास सलाईनचंच प्रमाण. बीपी किंवा किडनीचा त्रास असलेल्याला मात्र हे विचारल्याशिवाय द्यायचं नाही.

व्यायामात एक गफलत सर्रास होते. सायकलची ट्यूब कापून पायाला बांधली की स्नायू सुधारतात, म्हणून सगळे तिथंच थांबतात. अंतराळ स्थानकावरच्या व्यायामाच्या जुन्या यंत्राचा जोर 136 किलोपर्यंतच होता आणि त्यावर घाम गाळूनही खुब्याचं हाड झिजतच राहिलं. महिन्याला 1 ते 1.5 टक्का. 2009 पासूनचं यंत्र निर्वात नळकांड्यांवर चालतं, 272 किलोपर्यंत जोर देतं, आणि पोट भरून जेवण व ड जीवनसत्त्व सोबत असेल तर हाड बरंच टिकतं. हाडाला भार लागतो, नुसती हालचाल पुरत नाही. अंतराळवीरांचा व्यायामाचा वेळ जोडणी-आवराआवरीसकट दिवसाला अडीच तास. इथं आम्ही वजनकाटा वापरला : डावा पाय काट्यावर, उजवा तेवढ्याच उंचीच्या फळीवर. 52 किलोचा माणूस, सुरुवात 15 किलोनं. काटा बघत रोज थोडं वाढवायचं, दुखणं रात्रभर राहिलं तर आदल्या आकड्यावर यायचं. नजरेनं "अर्धं वजन टाका" सांगितलं तर कुणी 5 टाकतं, कुणी 40.

मध्येच कंबरेतून जांघेकडे कळ आली आणि लघवी लाल. रक्त पातळ करायच्या औषधामुळे असेल म्हणून सोडून देता आलं असतं. सोनोग्राफीत मुतखडा निघाला. हाडातून सुटलेलं कॅल्शियम लघवीतूनच जातं. 2009 मध्ये स्थानकावरचं लघवीचं पाणी करणारं यंत्र याच कॅल्शियमच्या गाळानं बंद पडलं होतं. भाऊंना पाणी इतकं प्यायला सांगितलं की दिवसाची लघवी दोन लिटरच्या वर जावी. मोजायला खुणा केलेला डबा दिला, कारण "भरपूर प्या" याला काही माप नसतं.

आता ते वॉकरनं अंगणात फिरतात. गुठळीचं औषध किमान तीन महिने, बरं वाटलं तरी मध्ये तोडायचं नाही. या औषधावर रक्त सहज थांबत नाही, म्हणून अंग दुखलं तरी गावात डायक्लोफेनॅकचं इंजेक्शन घ्यायचं नाही, आणि विळा-कुऱ्हाड तोवर पोरानं धरायची.