सर्व मुद्दे खुले

वकील म्हणून माझ्याकडे गौण खनिजाच्या, म्हणजे माती, मुरूम, वाळू अशांच्या दंडाचं प्रकरण आलं की मी आदेशाआधी पंचनामा वाचते. आदेश बहुधा छापील नमुन्यातले असतात, नाव आणि आकडे तेवढे बदलतात. प्रकरण उभं राहतं किंवा पडतं ते तलाठ्याने जागेवर लिहिलेल्या कागदावर.

मराठवाड्यातल्या एका शेतकरी काकांनी स्वखर्चाने शेततळं खणलं. पंचनामा म्हणतो: लांबी ३० मीटर, रुंदी ३० मीटर, खोली ३ मीटर, उत्खनन २,७०० घनमीटर, म्हणजे सुमारे ९५४ ब्रास (एक ब्रास म्हणजे १०० घनफूट) ‘माती/मुरूम’. परवानगीशिवाय खनिज काढलं म्हणून तहसीलदारांनी जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) खाली बाजारभावाच्या पाचपट दंड केला. सातबाऱ्यावर बोजा चढला, बँकेने पीककर्ज अडवलं. प्रांताधिकाऱ्यांनी अपील फेटाळलं, म्हणून आम्ही उच्च न्यायालयाच्या खंडपीठात गेलो.

शेततळ्याच्या बाजू भिंतीसारख्या उभ्या नसतात, उतार दिला नाही तर ढासळतात. इथे एकास एक उतार होता, म्हणजे तळाशी २४ बाय २४. नीट हिशेब केला तर २,१९६ घनमीटर येतात. उरलेले ५०४ घनमीटर, साधारण १७८ ब्रास, कोणी खणलेलेच नव्हते, आणि त्यांचाही पाचपट दंड लावला होता. टेप धरून काठावर उभ्या राहिलेल्या माणसाला तिरपी बाजू दिसली नाही, हे मला अजूनही पटत नाही.

खणलेलं गेलं कुठे, यावर पंचनाम्यात एक ओळ नाही. केंद्राच्या ३ फेब्रुवारी २००० च्या अधिसूचनेप्रमाणे साधी माती गौण खनिज ठरते, ती भराव, रस्ते, रेल्वे, इमारती यांच्या बांधकामात भरणीला किंवा सपाटीकरणाला वापरली तर. पुण्यातल्या बांधकाम व्यावसायिकांच्या संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ३ डिसेंबर २०१४ रोजी हेच सांगितलं: नुसतं खणलं म्हणून भागत नाही, वापर पाहावा लागतो. काकांच्या तळ्यातली काळी माती त्यांच्याच हलक्या रानात पसरली होती, मी स्वतः जाऊन पाहिली. मुरमाचं उत्तर इतकं सरळ नव्हतं. तो तळ्याच्या बांधावर होता, आणि ४८(७) मध्ये बांधाच्या दुरुस्तीची सबब चालणार नाही असं स्पष्ट लिहिलंय. सरकारी वकील तिथेच बोट ठेवणार म्हणून माझी सगळी तयारी त्या ओळीवर होती.

त्या ओळीपर्यंत कोणी पोचलंच नाही. न्यायमूर्तींनी तहसीलदारांच्या आदेशातलं वाक्य वाचलं, ‘सादर केलेला खुलासा समाधानकारक नाही’, आणि विचारलं, तो खुलासा कुठे आहे? सरकारी वकिलांनी फाईल चाळली. खुलासा नव्हता, कारण नोटीस बजावल्याची पोचच नव्हती. आदेश रद्द, प्रकरण फेरचौकशीसाठी तहसीलदारांकडे परत, दोन्ही बाजूंचे सर्व मुद्दे खुले, म्हणजे सगळं पुन्हा मांडायचं.

बाहेर आल्यावर काकांनी विचारलं, “मॅडम, मी चोर न्हाई असं लिव्हलंय का त्यात?”

तसं लिहिलेलं नव्हतं. म्हणणं न ऐकता झालेला आदेश टिकू नये, हे योग्यच. पण अशी प्रकरणं याच दारातून परत जातात आणि माती-मुरमाचा प्रश्न तसाच राहतो. दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गावात तोच छापील कागद निघतो. नदीतून रात्री वाळू उपसली की पंचनामा ‘अज्ञात इसमां’च्या नावाने होतो. शेततळ्याच्या मालकाचं नाव मात्र सातबाऱ्यावर आयतं असतं, आणि दंडाची वसुली दाखवायला तोच सापडतो. याची मला चीड आहे.

आदेश रद्द झाला तरी बोजा आपोआप उतरत नाही, त्यासाठी फेरफार, म्हणजे महसुली नोंदीत बदल, लागतो. तलाठी म्हणतात, नवा आदेश येऊ द्या. बँक म्हणते, सातबारा कोरा आणा. तहसीलदारांपुढच्या लेखी म्हणण्यात मी दोनच मागण्या केल्या आहेत: आमच्या समक्ष ईटीएस (इलेक्ट्रॉनिक टोटल स्टेशन) यंत्राने मोजणी करा, आणि माती किती, मुरूम किती, दोन्ही कुठे पडलेत, ते वेगवेगळं लिहा. बोजा कमी करण्याचा अर्जही सोबत दिलाय. पेरणीआधी तारीख मिळावी म्हणून मी कचेरीत खेटे घालतेय.