पहिलं रीळ पाण्यात

नायट्रेट फिल्मचा, म्हणजे जुन्या सिनेमांच्या ज्वालाग्राही फिल्मचा, डबा जेवढा घट्ट बंद, तेवढी आतली फिल्म लवकर जाते. सडताना तिच्यातून नायट्रोजन ऑक्साइडची वाफ सुटते. वाफेला वाट मिळाली नाही की ओल धरून तिचं आम्ल होतं आणि तेच फिल्मला खातं. यवतमाळ जिल्ह्यातल्या त्या वाड्यात नेमकं हेच झालं होतं. घरातल्या आजोबांचा जत्रेतला तंबू-सिनेमा होता; त्यांच्यामागे पत्र्याचे तीन डबे बळदात पडून राहिले. झाकणांवर खिळ्यानं कोरलेले आकडे: १, २ आणि ५. एक नंबर कुणीतरी जिवापाड जपलेला, चिकटपट्टी गुंडाळून गच्च केलेला. दोनचं झाकण चेपलेलं, नीट बसतच नव्हतं. वाचला तो दोन नंबर.

एप्रिलची अखेर, बाहेर पारा ४४ वर. चांगल्या नायट्रेटला पेट घ्यायला १५० अंशांच्या आसपास उष्णता लागते. सडलेल्या रिळाला चाळिशीतली उष्णता बरेच दिवस मिळाली तरी ते आपोआप पेटू शकतं. पेटलं की ऑक्सिजन स्वतःच पुरवतं, त्यामुळे पाण्याखालीही जळत राहतं. हे डबे टिकले ते धाब्याच्या जाड मातीच्या भिंतींमुळे. टिनाखाली असते तर आम्हा जुन्या फिल्म जपणाऱ्यांना कुणी बोलावलंच नसतं. घरच्या काकू डब्यांना हळदकुंकू वाहून उदबत्ती ओवाळायला निघाल्या होत्या. ती तुळशीपाशी लावा म्हटलं, तर म्हणाल्या, "मामंजीची आठवण हाय जी ते, कायले पेटन?"

पाच नंबरात तपकिरी भुकटी होती. दोनचं रीळ कडेनं पिवळं पडलेलं, पण उलगडत होतं. कडेच्या १०० छिद्रांची लांबी नव्या फिल्मवर ४७५ मिलिमीटर भरते. इथे ४६७ भरली. म्हणजे जवळपास पावणेदोन टक्के आकुंचन. अशी फिल्म साध्या दातेरी चाकावर चढवली की छिद्रं फाटतात, म्हणून ती हातानंच, सैल, मोकळ्या हवेत फिरवायची. लांबी ७४० फूट. फुटाला १६ चौकटी, आणि सेकंदाला १६ चौकटींचा वेग धरला तर एक फूट म्हणजे एक सेकंद. एका प्रेमपटाची १२ मिनिटं २० सेकंद हाती आली.

१९१३ ते १९३४ या काळात आपल्याकडे १३०० हून अधिक मूकपट निघाले. पूर्ण-अपूर्ण धरून जेमतेम तीसेक उरलेत. बाकीचे जळाले, सडले किंवा फिल्मवरच्या चांदीसाठी धुतले गेले. त्यामुळे नायिका विहिरीवर चिठ्ठी वाचते एवढ्या दृश्यावरही आम्ही तासभर खिळून बसतो. चिठ्ठीचा क्लोजअप मोडी लिपीत आहे. म्हणून निर्माता मराठी असं लगेच म्हणता येत नाही, कारण पडद्यावरच्या मजकुराच्या पाट्या आणि चिठ्ठ्या प्रांताप्रमाणे बदलून जोडत. पाटीच्या कोपऱ्यात कंपनीचं चिन्ह असायचं, पण सड कडेपासून आत सरकते, आणि तो कोपराच गेलाय. कडेला कोडॅक या फिल्म बनवणाऱ्या कंपनीची साल सांगणारी खूण आहे: चौकोन, त्रिकोण. ती १९२५ ची आणि १९४५ चीही, कारण खुणा दर वीस वर्षांनी फिरून येतात. खूण काळी उमटलीय, म्हणजे ती या प्रिंटच्याच फिल्मची. निगेटिव्हवरून उतरली असती तर पांढरी दिसली असती. १९४५ मध्ये मूकपटाची नवी प्रिंट कोण काढणार? घरच्यांच्या मते नायिका म्हणजे मूकपटांतली गाजलेली तारका सुलोचना. जुन्या मूकपटाची प्रत्येक नायिका घरच्यांना सुलोचनाच वाटते.

सिनेमाचं नाव असणार ते एक नंबरात. आणि ते रीळ गुळाच्या भेलीसारखं एकजीव, वर तपकिरी फेस. सडण्याच्या दुसऱ्या अवस्थेतली, चिकटू लागलेली फिल्म सोडवता येते, तिसरीतली नशिबानं. चौथीतली पाण्यात बुडवायची आणि नष्ट करायला द्यायची. शहरातले सहकारी मात्र फोनवरून सांगत होते, "हवा काढून झिपबॅगेत बंद कर आणि घेऊन ये." सगळी उमर ॲसिटेट, म्हणजे नंतरची सहज न पेटणारी फिल्म, हाताळण्यात गेली की असले सल्ले सुचतात. रीळ ड्रममध्ये बुडवलं आणि रीतसर अग्निशमन दलाच्या ताब्यात दिलं. दोन नंबर छिद्रांच्या डब्यात, कापडात गुंडाळून, रात्रीच्या गारव्यात हलवला.

तंबूवाले खेळ संपल्यावर रीळ बऱ्याचदा उलटं फिरवत नसत. दोन नंबरात शेवट बाहेर, सुरुवात गाभ्याशी होती. एक नंबरही तसंच गुंडाळलेलं असेल, तर नावाची पाटी भेलीच्या मधोमध होती. आमच्यातला एक जण म्हणतो, ओलंच कापायचं, गाभ्याचे वीसेक फूट तरी निघाले असते. निघालेही असते. पण गाभा धड आहे की नाही ते कापल्याशिवाय कळत नाही, आणि शेजारच्या खोलीत पाळण्यात मूल झोपलेलं असताना तसल्या रिळाला मी पातं लावू देणार नव्हतो.