तुम्ही विचारलंत म्हणून: ही दोघं भांडतात तरी कधी?

मोठ्या बायकांसाठी काढलेल्या जपानी चित्रकथा (कॉमिक्स), म्हणजे जोसेई मांगा. त्यातल्या प्रेमकथा पहिल्यांदा वाचणारे हमखास विचारतात: “ही दोघं भांडतात तरी कधी? आणि जवळ कधी येतात? पानंच्या पानं नुसती गप्प असतात.”

भांडतात, कडाक्याचं भांडतात. फक्त आरडाओरडा शोधू नका.

आधी हाका ऐका. जपानीत ओळख आडनाव आणि पुढे ‘सान’ (आपल्या ‘जी’सारखं) अशी सुरू होते, आणि प्रेम जमल्यावरही कितीतरी दिवस तशीच राहू शकते. ज्या चौकटीत आडनाव गळून नुसतं नाव येतं, तिथे दोघं खरी जवळ आली. चुंबन आधी झालेलं असो वा नसो. बिनसलं की उलटं होतं. नावाने हाक मारणारी पुन्हा आडनावावर येते, बोलणं एकदम अदबीचं होतं. रागावलेली बायको ‘तू’ सोडून ‘तुम्ही’ म्हणू लागली की आपल्याकडच्या नवऱ्याला जे कळतं, तेच. इंग्रजी अनुवादात पुष्कळदा दोन्हीकडे नावच छापतात आणि अख्खा प्रसंग हातचा जातो. ‘सान’, ‘कुन’ असे नावापुढचे शब्द तसेच ठेवणारी आवृत्ती मिळाली तर तीच घ्या.

मग फुग्याबाहेरची अक्षरं. फुग्यात असतं ते तोंडाने बोललेलं, चौकटीवर मोकळं असतं ते बहुधा मनातलं. फुग्यात “काही नाही झालं”, बाहेर “आज तरी विचार ना”. भांडण या दोन वाक्यांच्या मधे आहे.

आणि फोन. २०११ मध्ये जपानात ‘लाइन’ हे अ‍ॅप आलं. समोरच्याने मेसेज उघडला की शेजारी ‘किदोकु’, म्हणजे ‘वाचलं’, असं उमटतं. आता अशा तीन चौकटी बघा. पहिलीत तिचा मेसेज, ‘किदोकु’, रात्रीचे ११:४०. दुसरीत नुसतं छत. तिसरीत तोच मेसेज, खाली उत्तर नाही, खिडकीत उजाडलेलं. संवाद एकही नाही, पण रात्र सरली आणि काहीतरी तुटलं. घाईत वाचणारा हे दोन सेकंदांत ओलांडतो आणि पुढे ती का रडते ते त्याला उमगत नाही.

वाचायचं उजवीकडून डावीकडे. डाव्या पानाच्या तळाची डावी चौकट हा ठेवणीतला मोका: प्रश्न तिथे, उत्तर पान उलटल्यावर. फोन उभा धरला तर एकेक पानच दिसतं आणि दोन पानांवर पसरलेली मिठी मधोमध कापली जाते. आडवा धरा.

आणि हात बघा. चेहरा हसरा काढलेला असतो, तेव्हाही बोटांनी बाही घट्ट धरलेली असते.