जाऊ दे, नंतर काढू

"कड दिसतेय. जाऊ दे, नंतर कॉम्प्युटरवर काढू." सेटवर एवढंच म्हणाले, नटाच्या चेहऱ्यावर मी चिकटवलेल्या सिलिकॉनच्या नकली कातडीच्या तुकड्याबद्दल. रागानं नाही की हिणवून नाही, अगदी सहज. आणि मला संध्याकाळपासून तेच ऐकू येतंय.

त्या कडेसाठी काय काय होतं! चेहऱ्याचा छाप अल्जिनेटचा, म्हणजे पाण्यात कालवली की रबरासारखी घट्ट होणारी पावडर. पाणी जरा कोमट झालं की नाकापर्यंत पोचायच्या आत ते घट्ट होतं. छाप निघाला की लगेच प्लास्टर ओतायचं, नाहीतर अल्जिनेटमधलं पाणी उडतं आणि चेहरा आकसतो. मग त्या प्लास्टरच्या चेहऱ्यावर क्लेचं काम, त्यावरून साचा, आणि साच्यात सिलिकॉन. क्लेत गंधक असलं, किंवा लेटेक्सचे हातमोजे घालून सिलिकॉन ढवळलं, की प्लॅटिनम सिलिकॉन तेवढ्याच जागी धरत नाही, चिकट राहतं. अख्खा तुकडा कचऱ्यात. सिलिकॉनचे ए आणि बी हे दोन भाग सारखे घ्यायचे, त्यात जवळपास तेवढंच मऊ करणारं द्रव्य; कमी पडलं तर गाल हलतो आणि तुकडा हलत नाही.

आणि कड? ती कागदाहून पातळ हवी. बाहेरचा प्लास्टिकचा पापुद्रा स्पिरिटच्या बोळ्यानं हळूहळू विरघळवत कातडीत जिरवायचा. बोळा जास्त ओला झाला की भोक, कोरडा राहिला की सुरकुती. म्हणूनच तुकडा एकदाच वापरता येतो. दहा दिवसांचं शूटिंग तर दहा तुकडे, वर दोन-चार जादा. रात्री उतरवला की संपला. ओठांच्या कोपऱ्यात आणि नाकपुडीच्या बाजूला घामानं कड आधी सुटते. आजही तिथेच सुटली, जेवणानंतर. दोन मिनिटं मिळाली असती तर गोंदाचा एक थेंब पुरला असता.

दोन मिनिटं. जाऊ दे.

हॉलिवूडचा मेकअपवाला रिक बेकर, त्यानं सात ऑस्कर घेऊन 2015 मध्ये दुकान बंद केलं. सगळ्यांना स्वस्त आणि झटपट हवं असतं, असं त्याचं म्हणणं होतं. त्याची ही गत, तर आपण कोण? हे मनात आलं आणि स्वतःचंच हसू आलं. सात ऑस्करांची तुलना कुणाशी करतोय मी, एका सुटलेल्या कडेशी?

खरं तर कॉम्प्युटरवालाही बिचारा रात्रभर बसून फ्रेमगणिक तीच कड पुसणार. त्याचंही काम कुणाला दिसणार नाही. म्हणजे भांडण त्याच्याशी नाहीच. ते "जाऊ दे" मात्र अजून टोचतंय. ते कडेला म्हटलं की...

असो.

उद्याचा तुकडा साच्यातून काढून पावडर मारून ठेवलाय. डाव्या नाकपुडीपाशी टाचणीच्या टोकाएवढा बुडबुडा राहिलाय. कॅमेरा उद्या उजवीकडून आहे म्हणे. तरी बुजवला.